ओलरेघ: नसलेल्या देशाचा कायदा लिहिताना

माझ्या कादंबरीतला देश नदीकाठचा आहे. तिथला सगळ्यात जुना ग्रंथ घाटाच्या नऊ पायऱ्यांवर कोरलेला आहे आणि त्याचं नाव ओलरेघ. एका पायरीवर एक प्रकरण. पुराच्या पाण्याखाली जी पायरी गेली, तिच्यावरचा कायदा तेवढे दिवस निजतो. सगळ्यात खालच्या पायरीवर कर्जवसुली आहे, म्हणजे नदी जरा फुगली की सावकाराने कुणाच्या दारात जायचं नाही. सगळ्यात वरच्या पायरीवर एकच ओळ: दारी आलेल्याला पाणी नाकारू नये.

ही कल्पना मला नाशिकनेच दिली. गंगापूर धरणातून विसर्ग वाढला की आमच्याकडे आकड्यांआधी विचारतात, गोदावरीच्या पात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीला पाणी कुठवर लागलं? गुडघ्याला, कमरेला की गळ्याला? लहानपणापासून हे ऐकत आले. त्यामुळे दगडावरची ओली रेघ पाहून गावाने आपलं वागणं ठरवावं, हे मला अगदी स्वाभाविक वाटलं.

कल्पना एका संध्याकाळी सुचली. ग्रंथ लिहायला मात्र चौदा महिने गेले.

पहिला खर्डा भारदस्त होता. सत्य, धर्म, करुणा, सगळे मोठे शब्द त्यात होते. बाबांना वाचून दाखवला. त्यांनी तीस वर्षं वकिलाकडे कारकुनी केली आहे. सगळं शांतपणे ऐकून ते म्हणाले, "छान आहे गं, पण यात भांडण कुठंय? आणि भांडण झालंच, तर साक्षीला कोण?"

त्या प्रश्नाने मी आठवडाभर अस्वस्थ होते. मग एका रविवारी सकाळी पांडवलेणी चढले. त्रिरश्मी डोंगरावरची ही लेणी शाळेच्या सहलीत पाहिली होती, पण या वेळी दहाव्या लेण्यातल्या लेखाचं भाषांतर सोबत घेतलं होतं. क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याने भिक्षूंना हे लेणं दिलं आणि सोबत ३,००० कार्षापणांची, म्हणजे त्या काळच्या नाण्यांची, कायमची ठेव जवळच्या गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणींकडे, म्हणजे व्यवसाय-संघांकडे, ठेवली. एका श्रेणीकडे २,०००, दरमहा शेकडा एक व्याजाने. दुसरीकडे १,०००, दरमहा शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल परत मागायचं नाही, फक्त व्याज वापरायचं. पहिल्या ठेवीच्या व्याजातून लेण्यात वर्षावास करणाऱ्या, म्हणजे पावसाळ्यात मुक्कामाला राहणाऱ्या, वीस भिक्षूंना वस्त्रासाठी प्रत्येकी बारा कार्षापण. मी तिथेच पायरीवर बसून हिशेब केला. २,००० वर वर्षाचं व्याज २४०. वीस गुणिले बारा, २४०. जवळपास १,९०० वर्षांपूर्वीचा हिशेब एका नाण्यानेही चुकला नव्हता. माझ्या अंगावर काटा आला. आणि पुढे बाबांच्या प्रश्नाचं उत्तरही होतं: हे सारं निगमसभेत, म्हणजे नगराच्या सभेत, ऐकवलं आणि रिवाजाप्रमाणे दप्तरात नोंदवलं. दानाचं पुण्य कोरलेलं होतंच, पण दर आणि नोंदही त्याच भिंतीवर होती.

घरी येऊन पहिला खर्डा बाजूला ठेवला आणि आधी भांडणं लिहिली. नाव वाहून गेली आणि दुसऱ्या गावच्या माणसाला सापडली, तर ती कुणाची? नदीने पात्र बदलून एकाचा मळा दुसऱ्याच्या बांधाला जोडला, तर शेतसारा कुणी भरायचा? पुरात दार न उघडलेल्या शेजाऱ्याला काय शिक्षा? अशी सदतीस भांडणं जमली. प्रत्येकाचा निवाडा एका ओळीत बसवायचा, कारण छिन्नी चालवणारा माणूस अक्षराला अक्षर मोजूनच कोरणार. "सापडल्या नावेला धन्याची वाट तीन पुनवा, मग ती काढणाऱ्याची." ही ओळ मी बारा वेळा लिहिली.

सगळ्यात जास्त रमले ते टीकाकारांमध्ये, म्हणजे ग्रंथाचा अर्थ लावणाऱ्यांमध्ये. मिताक्षरा आणि दायभाग या हिंदू वारसाहक्कावरच्या दोन ग्रंथांची जुनी उदाहरणं समोर होती. मुलाला वडिलार्जित मालमत्तेत हक्क जन्मानेच मिळतो, असं एक म्हणते. वडिलांच्या पश्चात मिळतो, असं दुसरा. घरंच्या घरं या एका फरकावर उभी राहिली. माझ्या ग्रंथालाही असा एखादा फाटा हवा होता. तो मला पायरीच्या झिजेत सापडला. खालच्या पायरीवर सगळ्यात जास्त पाय पडतात, म्हणून तिथलं एक अक्षर पुसलं गेलं: पाणी उतरल्यावर ती- दिवसांनी वसुली करावी. सावकारांची परंपरा वाचते तीन. शेतकऱ्यांची परंपरा वाचते तीस. त्या अर्ध्या शब्दापायी सात पिढ्या वाद चालतो आणि माझी नायिका त्या वादात जन्माला येते.

शेवटी सगळा ग्रंथ मोठ्याने म्हणून पाहिला, रोज सकाळी गोदाघाटावर फिरताना. जी ओळ तिसऱ्या दिवशी पाठ होईना, ती मोडून पुन्हा बांधली. एकवीस ओळी अशा बदलल्या.

गेल्या महिन्यात बाबांना पुन्हा वाचून दाखवलं. तीन आणि तीसपाशी त्यांनी मला थांबवलं. चष्मा काढून ते बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "पायरी झिजली हे खरं. पण कोरायच्या आधी कुणीतरी कच्चं लिहिलं असेल ना? ती नक्कल कुठल्या दप्तरात आहे?"

मी तो विचारच केला नव्हता. दुसऱ्या दिवशी नवं प्रकरण सुरू केलं: नायिका कंदील घेऊन नोंदशाळेचा जिना उतरते आहे.