रोनेबुर्ग: युरेनियमची खाण बुजवलेली जागा, जाणाऱ्यांसाठी थोडी माहिती

लाइपझिगमध्ये राहून पाच वर्षं झाली तरी तासाभरावर असलेलं हे ठिकाण बघितलं नव्हतं, पण या उन्हाळ्यात नगरहून काका आले आणि ते आयुष्यभर बोअरवेलच्या धंद्यात, त्यामुळे म्हटलं यांना किल्ले-राजवाडे नकोत, रोनेबुर्गच दाखवू.

जायचं सोपं आहे. लाइपझिगहून गेरा, तिथे गाडी बदलून रोनेबुर्ग, सगळ्या रिजनल गाड्या त्यामुळे डॉइचलँड-तिकीट चालतं. स्टेशनवरून आम्ही चालतच गेलो. रविवारी दुकानं बंद असतात, त्यामुळे डबा आणि पाणी घरूनच घ्या. टेकडीवर सावली जवळजवळ नाही, टोपी हवीच.

पूर्व जर्मनीत 1946 ते 1990 या काळात सोव्हिएत अणुकार्यक्रमासाठी युरेनियम काढलं, सगळं मिळून सुमारे 2 लाख 31 हजार टन. कंपनीचं नाव विस्मुट, म्हणजे बिस्मथ, दुसराच एक धातू, खरं काय काढतोय ते कळू नये म्हणून. रोनेबुर्गला बोगदे होतेच, शिवाय लिश्टेनबेर्गचा उघडा खड्डाही होता, दोनशे मीटरपेक्षा खोल. आज तो खड्डा दिसत नाही, त्याच्या जागी श्मिर्शाउ नावाची टेकडी आहे आणि वर खाणकामगाराच्या दिव्याच्या आकाराचा मनोरा. श्मिर्शाउ हे खाणीने गिळलेल्या गावाचं नाव. हे वाचल्यावर मी बराच वेळ तिथेच उभी होते.

वर चढल्यावर काकांनी पहिलाच प्रश्न विचारला, "पंप बंद केल्यावर पाणी कुठवर चढलं गं?" खरा मुद्दा तोच. खाण चालू असताना पाणी सतत उपसून बाहेर टाकतात, त्यामुळे भोवतालची पातळी खाली जाते आणि उघड्या पडलेल्या खडकाला हवा लागते. इथल्या खडकात पायराइट, म्हणजे लोखंड आणि गंधकाचं खनिज, भरपूर, त्याला हवा आणि पाणी मिळालं की आम्ल तयार होतं, आणि मग पंप थांबवून पाणी परत वर यायला लागलं की ते युरेनियम, लोखंड असं बरंच काही विरघळवून घेऊन येतं.

म्हणून खड्डा बुजवताना त्यांनी कुठला दगड कुठे टाकायचा हे ठरवून टाकलं. सगळ्यात जास्त आम्ल करणारा माल एकदम तळाशी, म्हणजे पाणी परत चढलं की तो बुडेल आणि हवा लागणार नाही, आणि त्यातल्या त्यात निरुपद्रवी माल वर, त्यावर सुमारे दीड मीटर मातीचं आवरण. काका म्हणाले, "डोकं लावलंय." आणि मग गप्पच झाले, मला वाटतं त्यांच्या डोळ्यासमोर आपल्याकडच्या सोडून दिलेल्या खाणी आल्या असणार.

तरीही काम संपलेलं नाही. 2006 मध्ये गेसेनटाल या शेजारच्या दरीत पाणी जमिनीवर येऊ लागलं, ते गोळा करून शुद्धीकरण प्रकल्पात चुना घालून साफ करतात, मग नदीला सोडतात, आणि उरलेला गाळ वेगळा जमिनीत पुरून टाकावा लागतो. हे अजून कितीतरी वर्षं चालणार, सरकारी पैशावर. सुरुवातीलाच 13 अब्ज मार्क बाजूला ठेवले होते. आणि रेडॉन या किरणोत्सारी वायूच्या हवेत काम केलेल्या हजारो कामगारांना फुफ्फुसाचा कॅन्सर झाला, त्याची भरपाई कुठल्या मातीने होणार?

गेसेनटालवरचा लाकडी पूल, ड्राखनश्वान्झ म्हणजे ड्रॅगनचं शेपूट, सव्वादोनशे मीटरचा, चुकवू नका, 2007 च्या बागप्रदर्शनासाठी बांधलेला. ऑब्जेक्ट 90 नावाचं खाण-प्रदर्शन आहे, पण वेळा बघून मगच जा. गुडघे दुखत असतील तर टेकडी सकाळीच उरका, काकांना दुपारी उतरताना त्रास झाला.

आणि ड्रेस्डेनकडे बास्टायचे कडे बघायला जाणाऱ्यांनो, तिथून जवळच किल्ल्यासाठी प्रसिद्ध क्योनिगश्टाइनला तर आम्ल थेट भूजल धरणाऱ्या वाळूच्या खडकात सोडून युरेनियम काढायचे, आणि खाली एल्ब नदी वाहते. किल्ल्यावरून नदी बघताना हे आठवा. काकांना आता तिकडे न्यायचंय, पुढच्या शनिवारी.