फाशीच्या चौकातले पब : साताऱ्याहून एडिंबराच्या भुताळी फेरीला जाणाऱ्यांसाठी

स्कॉटलंडच्या एडिंबरा शहरातली भुताळी पबफेरी, म्हणजे भुतांच्या गोष्टींच्या मागावर जुने पब फिरण्याची रात्र, बिघडते ती बहुतेक वेळा पहिल्या तासातच. लोक आधी दोन पब उरकतात आणि मग जुन्या शहराखालच्या तळघराच्या टूरला जातात. क्रम नेमका उलटा हवा. तळघरात तासभर उभं राहायचं असतं, खाली स्वच्छतागृह नसतं, जमीन ओली आणि उंचसखल असते, आणि जास्त प्यायलेल्या माणसाला गाईड दारातूनच परत पाठवू शकतो. म्हणून आधी टूर, मग जेवण, मग पब. साताऱ्याहून गेलेल्या आमच्या गटाने हाच क्रम ठेवला. दुपारी साडेचारला निघून रात्री साडेदहाला फेरी संपली, आणि कुठेही पळापळ झाली नाही.

शहराचं नाव नकाशावर वाचून आपण ‘एडिनबर्ग’ म्हणतो. तिथे रस्ता विचारताना ‘एडिंबरा’ म्हणा, लगेच कळतं.

भुताच्या गोष्टीला अंधार लागतो आणि हे शहर इतकं उत्तरेला आहे की जूनमध्ये रात्री दहालाही उजेड असतो. मे-जूनच्या सुट्टीत गेलात तर सगळी फेरी लख्ख उजेडात होईल. ऑक्टोबरच्या मध्यावर सूर्य सहा-सव्वासहाला मावळतो, डिसेंबरात पावणेचारच्या आत. म्हणजे दिवाळीची सुट्टी अगदी सोयीची. फक्त ३१ ऑक्टोबरच्या, म्हणजे हॅलोविनच्या आसपास जायचं असेल तर टूरची तिकिटं काही आठवडे आधी काढा. ऑगस्ट पूर्ण टाळा. तेव्हा तिथले मोठे महोत्सव असतात, खोल्यांचे दर गगनाला भिडतात आणि पबमध्ये उभं राहायला जागा मिळत नाही.

थंडी महाबळेश्वरसारखी असेल असं समजून नुसता स्वेटर घेऊ नका. तिथे पाऊस वाऱ्याबरोबर आडवा येतो, छत्री उलटी होते. टोपीचं पावसाळी जॅकेट आणि आत दोन पातळ थर पुरतात. बुटांचा तळ मात्र नीट तपासा. जुन्या शहरातले रस्ते घडीव दगडी ठोकळ्यांचे आहेत आणि ओले झाले की गुळगुळीत तळ हमखास घसरतो. अजिंक्यताऱ्यावर पावसात चढायला जे बूट घालाल, तेच घाला.

आता सगळ्यांना चकवणारी गोष्ट. हे शहर दोन मजली आहे. किल्ल्यापासून हॉलीरूड राजवाड्यापर्यंत डोंगराच्या सोंडेवरून उतरत जाणारा रस्ता म्हणजे रॉयल माइल. त्याच्या दक्षिणेला, खाली घळीत, काउगेट हा दुसरा रस्ता. साउथ ब्रिज आणि जॉर्ज फोर्थ ब्रिज हे दोन पूल काउगेटच्या डोक्यावरून जातात. मोबाइलच्या नकाशावर पूल आणि काउगेट एकमेकांना छेदताना दिसतात, पण तिथे वळायला रस्ता नसतो. तुम्ही वर असता आणि पब काही मजले खाली. पोवई नाक्याचा ग्रेड सेपरेटर झाल्यापासून वर एक रस्ता आणि खाली दुसरा हे आपल्याला नवीन नाही, तोच हिशेब डोक्यात ठेवा. वरून खाली उतरायला ‘क्लोज’ म्हणजे दोन इमारतींमधले बोळ आणि पायऱ्या असतात, नाहीतर नीड्री स्ट्रीट, ब्लेअर स्ट्रीट यांसारखे तीव्र उताराचे रस्ते.

हे लक्षात घेऊन मार्ग असा ठेवा की चढ जवळजवळ लागूच नये : किल्ल्याचं पटांगण, तिथून रॉयल माइलने खाली वर्ल्ड्स एंड पबपर्यंत, सेंट मेरीज स्ट्रीटने आणखी खाली काउगेटवर, आणि काउगेटने पश्चिमेला थेट ग्रासमार्केट, म्हणजे फाशीचा जुना चौक. सगळं मिळून दोन-अडीच किलोमीटर. उलट्या दिशेने केलंत तर शेवटचा अर्धा तास भरल्या पोटी चढण.

सुरुवात किल्ल्याच्या पटांगणावरून उजेडातच करा, कारण तिथलं विचेस वेल अंधारात सापडत नाही. पटांगणाच्या प्रवेशाजवळ भिंतीत बसवलेलं, १८९४ मधलं छोटंसं कारंजं आहे. इथेच जवळपास चेटकीण ठरवून जाळलेल्या स्त्रियांच्या आठवणीसाठी ते आहे. बहुतेक गट त्याच्याकडे पाठ करून किल्ल्याचे फोटो काढतात. पुढच्या सगळ्या रात्रीचं मूळ इथे आहे. या शहरातली भुतं हवेतून आलेली नाहीत, ती खटले चालवून, दवंडी पिटून, गर्दीसमोर मारलेल्या माणसांची आहेत. आपल्या साताऱ्याच्या गेंडामाळावर १८५७ मध्ये १७ जणांना फाशी देऊन, गोळ्या घालून आणि तोफेच्या तोंडी देऊन मारलं, हे ज्याला ठाऊक आहे त्याला ही फेरी समजायला गाईडची गरज कमीच पडेल.

पाचची तळघर टूर घ्या. जमण्याची जागा बहुधा सेंट जाइल्स चर्चजवळ, मर्कॅट क्रॉस या जुन्या बाजाराच्या स्तंभापाशी असते. दहा मिनिटं आधी पोचा, गट एकदा बोळात शिरला की सापडत नाही. पर्याय दोन आहेत. एक, साउथ ब्रिजच्या पोटातल्या खोल्या. १७८८ मध्ये पूर्ण झालेल्या या पुलाला १९ कमानी आहेत, त्यातली एकच आज उघड दिसते. बाकीच्या दोन्ही बाजूंच्या इमारतींनी झाकल्या गेल्या. कमानींच्या आत कारागिरांची दुकानं आणि गोदामं थाटली, पण वरून पाणी झिरपायचं थांबेना, म्हणून धंदेवाले निघून गेले आणि ज्यांना कुठेच थारा नव्हता ते लोक राहायला आले. आजही छतातून थेंब पडतात, तेव्हा कॅमेरा पिशवीत ठेवा. दुसरा पर्याय मेरी किंग्ज क्लोज. १६४५ च्या प्लेगच्या काळातली ही गल्ली, नंतर १७५३ मध्ये तिच्यावर मोठी इमारत उभारायला सुरुवात झाली आणि घरांचे खालचे मजले तसेच जमिनीखाली राहिले. तिथे आत फोटो काढू देत नाहीत. एका खोलीत लोकांनी एका लहान मुलीच्या भुतासाठी ठेवलेल्या बाहुल्यांचा ढीग आहे. दोन्ही एका दिवशी करू नका. इतिहास हवा असेल तर मेरी किंग्ज क्लोज, काळोख हवा असेल तर साउथ ब्रिज. गुडघे दुखणाऱ्यांना पायऱ्यांचा त्रास दोन्हीकडे आहे, आणि लहान मुलांसाठी वयाची अट तिकीट काढतानाच वाचा. गाईडचं स्कॉटिश इंग्रजी पहिली दहा मिनिटं कानावरून जातं. मागे न राहता त्याच्या समोर उभे राहा, ओठ दिसले की समजतं.

सव्वासहाला बाहेर पडलं की पाच मिनिटं मागे चढून रॉयल माइलच्या वरच्या भागात, लॉनमार्केटवरच्या डीकन ब्रॉडीज टॅव्हर्नमध्ये जा आणि तिथेच जेवून घ्या. पबची स्वयंपाकघरं साधारण नऊला बंद होतात, त्यानंतर वेफर्सच्या पाकिटावर रात्र काढावी लागते. विल्यम ब्रॉडी सुतारांच्या संघाचा प्रमुख आणि नगर कौन्सिलचा सभासद. दिवसा श्रीमंतांच्या घरी कपाटं आणि कुलपं दुरुस्त करायचा, किल्लीचा ठसा मेणात घ्यायचा आणि रात्री त्याच घरात शिरायचा. मार्च १७८८ मध्ये अबकारी कचेरीवरचा डाव फसला, तो ॲमस्टरडॅमला पळाला, पकडून आणला गेला आणि १ ऑक्टोबर १७८८ ला फासावर गेला. ज्या तख्तावर तो लटकला ते त्यानेच बनवलं होतं असं प्रत्येक गाईड सांगतो. याला पक्का आधार नाही, ऐका आणि सोडून द्या.

जेवणाबद्दल एवढंच : हॅगिस म्हणजे मेंढीचं काळीज, यकृत आणि फुप्फुसं ओटमध्ये शिजवलेला पदार्थ. शाकाहारी हॅगिसही सर्रास मिळतं, डाळी, राजमा आणि ओटचं, आणि ते चवीला खरोखर चांगलं असतं. चिप्स मात्र विचारल्याशिवाय घेऊ नका. स्कॉटलंडमध्ये अनेक ठिकाणी ते गाईच्या चरबीत तळतात. ‘बीफ ड्रिपिंग?’ एवढे दोन शब्द पुरतात.

पिण्याचा हिशेब आधीच ठरवा. पिंट म्हणजे ५६८ मिलिलिटर, हाफ म्हणजे २८४. चार पबमध्ये एकेक हाफ घेतला तर रात्रभरात दोनच पिंट होतात. चारही ठिकाणी पूर्ण पिंट मागवली तर सव्वादोन लिटर बिअर, आणि शेवटच्या पबमधली पाटी वाचायच्या अवस्थेत कोणी उरत नाही. व्हिस्की २५ किंवा ३५ मिलिलिटरच्या मापाने येते. आपल्याकडच्या मोठ्या पेगपेक्षा माप लहान आहे म्हणून दोनदा भरायला सांगू नका. टेबलावर वेटरची वाट पाहण्यात वेळ जातो. काउंटरवर जाऊन मागवायचं, तिथेच पैसे द्यायचे, ग्लास स्वतः उचलायचे. रांग दिसत नसली तरी कोण आधी आलं ते सगळ्यांच्या लक्षात असतं. न पिणाऱ्यांनी अजिबात संकोच करू नये. लाइम-सोडा किंवा तिथलं नारिंगी रंगाचं इर्न-ब्रू मागवा. साधं पाणी फुकट द्यायचं बंधन कायद्यानेच पबवर आहे. वयाची अट १८, पण २५ पेक्षा लहान दिसणाऱ्याला ओळखपत्र विचारतातच, म्हणून गटातल्या तरुणांनी मूळ पासपोर्ट जवळ ठेवावा.

खाली उतरताना सेंट जाइल्सच्या दाराजवळ फरसबंदीत रंगीत दगडांचं हृदय दिसेल. १८१७ मध्ये पाडलेल्या टोलबूथ तुरुंगाचं दार इथे होतं, ब्रॉडीची फाशीही याच तुरुंगापाशी झाली. स्थानिक लोक जाता जाता त्या हृदयावर थुंकतात, तेव्हा फोटोसाठी त्यावर बसू नका.

वर्ल्ड्स एंड हा पब शहराच्या जुन्या वेशीपाशी आहे. बाहेर रस्त्यात पितळी ठोकळे बसवून नेदरबो दरवाज्याची जागा दाखवली आहे. इथे भुताची चौकशी करू नका. १९७७ मध्ये या पबमधून निघालेल्या दोन सतरा वर्षांच्या मुलींचे खून झाले आणि गुन्हेगाराला शिक्षा व्हायला २०१४ उजाडलं. ते दुःख अजून ताजं आहे. हाफ घ्या, वेशीचे ठोकळे पाहा, पुढे निघा.

सेंट मेरीज स्ट्रीटने काउगेटवर उतरलं की साउथ ब्रिजच्या कमानींमध्येच थाटलेलं बॅनरमन्स लागतं. दगडी कमानीखाली बसून प्यायला मिळतं आणि तेही टूरच्या तिकिटाशिवाय. मात्र गाण्यांचा कार्यक्रम असेल तर बोलणं ऐकू येत नाही. जवळच नीड्री स्ट्रीटवर बॅन्शी लॅबिरिंथ आहे, स्वतःला स्कॉटलंडचा सर्वांत झपाटलेला पब म्हणवणारा. जागा भूलभुलैयासारखी आहे, म्हणून आत शिरतानाच भेटण्याची खोली ठरवून घ्या. दोन्हीपैकी एकच निवडा. आमचं मत बॅनरमन्सला, कारण दगड तिथे नीट बघता येतो. शुक्रवार-शनिवारी दहानंतर काउगेटवर झिंगलेल्यांची गर्दी होते, म्हणून साडेनऊपर्यंत हा टप्पा संपवा.

ग्रासमार्केटला मात्र वेळ राखून ठेवा. किल्ल्याच्या कड्याखालचा हा लांबट चौक, जनावरांचा बाजार आणि फाशीची जागा. १७८४ पर्यंत इथे माणसं लटकवली गेली. वधस्तंभाच्या जागी गोल स्मारक आहे, आणि शेजारच्या फरसबंदीत गडद दगडांनी फाशीच्या खांबाची सावली आखलेली आहे. ओल्या रात्री दिव्याच्या उजेडात ती सावली बाकीच्या दगडांपेक्षा काळी दिसते. आधी ती पाहा, मगच समोरच्या पबकडे वळा. ‘द लास्ट ड्रॉप’ या नावाचा अर्थ मग दारूच्या शेवटच्या थेंबापाशी थांबत नाही. ‘ड्रॉप’ म्हणजे तख्ताखालून सुटणारा तो शेवटचा झोकही.

शेजारचं मॅगी डिक्सन्स हे सगळ्या रात्रीत आम्हाला सर्वांत मोलाचं वाटतं, कारण ही गोष्ट भुताची नसून जगलेल्या बाईची आहे. मॅगीने गरोदरपण लपवलं, मूल मेलेलं सापडलं, आणि तेव्हाच्या कायद्यात एवढ्यावर खून गृहीत धरला जाई. २ सप्टेंबर १७२४ ला तिला इथे फाशी झाली, वैद्यकीय तपासणीत ती मृत ठरली. नातेवाईक गाडीतून मसलबरा या जवळच्या गावाकडे पेटी नेत असताना वाटेत पेफरमिलला प्यायला थांबले आणि पेटीतून आवाज आला. शिक्षा अमलात आलेली असल्याने तिला पुन्हा फासावर चढवलं नाही. ‘अर्धी फाशी झालेली मॅगी’ म्हणून ती पुढे अनेक वर्षं जगली.

व्हाइट हार्ट इन १५१६ पासूनचं असल्याचं सांगतात, आणि बर्क व हेअर इथे बळी हेरायचे असंही. या दोघांचा अड्डा जवळच वेस्ट पोर्टला होता हे खरं. १८२८ मध्ये १६ जणांना मारून त्यांनी प्रेतं शरीरशास्त्राच्या डॉक्टरला विकली. गाईड त्यांना ‘थडगी उकरणारे’ म्हणतात ते चूक आहे. त्यांनी एकही थडगं उकरलं नाही. ती धास्ती पाहायची तर वरच्या ग्रेफ्रायर्स दफनभूमीत जा. प्रेतचोरांपासून बचावासाठी थडग्यांवर बसवलेले लोखंडी पिंजरे तिथे आहेत. मात्र ही दफनभूमी दुसऱ्या दिवशी सकाळी पाहावी. तिथला कव्हेनंटर्स प्रिझनचा, म्हणजे सतराव्या शतकातल्या धर्मबंडखोरांच्या तुरुंगाचा भाग कुलूपबंद असतो, फक्त टूरसोबत उघडतो. बाहेर बॉबी कुत्र्याचा पुतळा आहे, मालकाच्या थडग्यापाशी १४ वर्षं बसून राहिला असं सांगतात त्याचा. शाहू महाराजांच्या खंड्या कुत्र्याची समाधी संगम माहुलीला पाहिलेल्या सातारकराला तिथे थांबावंसं वाटणारच. फक्त त्याच्या नाकाला हात लावू नका. पर्यटकांच्या घासण्याने ते झिजलं आहे आणि स्थानिक लोकांना त्याचा राग येतो.

कागदपत्रांचं : ब्रिटनचा व्हिजिटर व्हिसा स्कॉटलंडला चालतो, युरोपचा शेंगेन व्हिसा चालत नाही. अर्ज प्रवासाच्या तीन महिन्यांपेक्षा आधी करता येत नाही. बोटांचे ठसे पुण्यात देता येतात. लंडनच्या किंग्ज क्रॉसहून वेव्हर्ली स्टेशनपर्यंत रेल्वेने साधारण साडेचार तास. गाडी भाड्याने घेतली असेल तर त्या रात्री तिला हात लावू नका, स्कॉटलंडमध्ये पिऊन चालवण्याची मर्यादा इंग्लंडपेक्षाही कडक आहे.

आणि तिथल्या नातेवाइकांसाठी मोती चौकातले कंदी पेढे बांधून नेऊ नका. भारतातून दुधाचे पदार्थ ब्रिटनमध्ये नेता येत नाहीत, विमानतळावर काढून घेतले जातात. शेंगदाण्याची चटणी आणि चिवडा न्या. परतीला लंडनवरून येणार असाल तर खिशातल्या स्कॉटिश बँकांच्या नोटा एडिंबरातच खर्चून टाका. लंडनमधले बरेच दुकानदार त्या घ्यायला नकार देतात.