पोळ्या मोजता मोजता पणजोबांपर्यंत

आमची धाकटी मोठ्या गटात आहे आणि मोठा दुसरीत. आकडे धडाधड म्हणता येणं आणि संख्या कळणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे मला धाकटीकडे बघून पटलं, पन्नासपर्यंत न थांबता म्हणायची पण "सहा वाट्या आण गं" म्हटलं की हातात मावतील तेवढ्या घेऊन यायची. मग वर्कशीट बाजूला ठेवली आणि घरात रोज जे चालतंच त्यातच मोजायला लागलो. रात्रीची ताटं तीच मांडते, माणशी एक ताट एक वाटी. पोळ्यांचा हिशोबही तिचाच, आजीला दोन, बाबाला तीन, मला दोन, दादाला दीड, आणि दीड म्हणजे किती हे तिला कुणी शिकवलं नाही, दादाच्या पानात बघूनच कळलं. पर्वतीच्या १०३ पायऱ्या चढताना दहा झाल्या की एक बोट मिटायचं, सगळी बोटं मिटली की शंभर आणि वर तीन. आणि चुकलं तरी लगेच "चूक" म्हणू नका, "कसं मोजलंस?" एवढंच विचारा, पोरं आपली आपण परत मोजतात.

यातूनच घराण्याचा विषय निघाला. दादाने आजीला (माझ्या सासूबाईंना) विचारलं, पानशेतचं धरण फुटलं तेव्हा तू केवढी होतीस? आजीचं माहेर पुण्यातल्या नारायण पेठेतलं, १२ जुलै १९६१ ला घरात पाणी शिरलं, ट्रंकेतले फोटो-कागद सगळे गेले. जन्म १९५२ चा. दादाने ६१ मधून ५२ वजा केलेच नाहीत, ५२ वरून ६० वर आठ, मग अजून एक, नऊ! म्हणजे आत्ता माझ्यापेक्षा दोनच वर्षांनी मोठी होती, असं म्हणून तो आजीकडे बघतच राहिला. १९६१ हा आकडा त्याला तेव्हा खरा कळला असं मला वाटतं.

पुराच्या वेळी आजीच्या वडिलांची जन्मपत्रिका वाईला काकांकडे होती म्हणून वाचली. त्यावर श्रावण महिना, शके १८५०. शकात ७८ मिळवले की इसवी सन येतं (जानेवारीपासून पाडव्यापर्यंतचा जन्म असेल तर ७९). ७८ मिळवणं दुसरीच्या मुलाला जड, म्हणून आधी ८० मिळव, १९३०, मग दोन काढ, १९२८. आजी झाली तेव्हा पणजोबा २४ वर्षांचे, हे त्याने न विचारताच सांगितलं.

मग जुन्या कॅलेंडरच्या मागच्या बाजूला गोल काढले. तू एक, आई-बाबा दोन, आजी-आजोबा चार, पणजी-पणजोबा आठ. धाकटीने राजम्याचे दाणे ठेवले, प्रत्येक ओळीत आधीच्या दुप्पट. खापरपणज्यांच्या ओळीला १६ लागले आणि कागद संपला. पण खरी गंमत पुढेच आहे. सासरच्या आडनावाचा छापील कुलवृत्तांत, म्हणजे घराण्याच्या पिढ्यांच्या नोंदींचं पुस्तक, घरात आहे, तो उघडून आठ पणज्या-पणजोबांपैकी त्यात कितीजण सापडतात ते बघितलं, तर दोनच! सहाजण नाहीतच, कारण कुलवृत्तांत एका आडनावाच्या वाटेने जातो. आणि जी पणजी सापडली तिचंही फक्त सासरचं नाव, माहेरचं नाव-गाव काही नाही. मला हे फार लागलं. मुलांच्या हिशोबात आठही गोल सारखेच आहेत आणि तेच बरोबर आहे.

त्यामुळे माझं कळकळीचं सांगणं आहे, घरात म्हातारी माणसं असतील तर आत्ताच बसा आणि बायकांची माहेरची नावं आधी विचारा. सन आठवत नाही म्हणाल्या तर "पुराच्या आधी का नंतर", "कुणाच्या लग्नाच्या वेळी" असं विचारायचं, सन मग मुलं काढतात. नाशिक-त्र्यंबकला जाणं झालं तर तीर्थोपाध्यायांकडच्या वह्याही बघा, आडनाव आणि मूळ गाव सांगितलं की जुन्या पिढ्यांच्या नोंदी मिळू शकतात.

आमच्या आठांतल्या पाचांची जन्मसालं लागलीत. उरलेली तिन्ही माझ्या माहेरची आहेत, त्यासाठी दिवाळीत आईच्या मावशीकडे साताऱ्याला जाणार आहोत आणि काय काय विचारायचं त्याची यादी दादा करतोय.