क्वार्टरची बरणी

अमेरिकेत कुणाच्या स्वयंपाकघरात बरणीभर नुसते क्वार्टर दिसले, तर त्या घरात वॉशिंग मशीन नाही असं खुशाल समजावं. पंचवीस सेंटचं हे नाणं एरवी कुणाच्या खिजगणतीतही नसतं. पण ज्याचे कपडे लाँड्रोमॅटमध्ये, म्हणजे नाणी टाकून मशीन वापरायच्या सार्वजनिक धुण्याच्या दुकानात, धुतले जातात, त्याला ते शंभराच्या नोटेहून प्यारं, कारण शंभराची नोट मशीनच्या फटीत जात नाही. बँकेत दहा डॉलर दिले की कागदात गुंडाळलेली चाळीस क्वार्टरची नळकांडी मिळते. त्यातले दोन नवऱ्याने पार्किंग मीटरमध्ये घातले म्हणून घरात अबोला झालेला मी पाहिलाय. आता बऱ्याच ठिकाणी कार्ड आणि ॲप आलं, तरी जुन्या वस्त्यांतली यंत्रं अजून नाणंच मागतात.

लांबून बघणाऱ्याला वाटतं, अमेरिका म्हणजे घरटी एक मशीन असणारच. पण भाड्याच्या जुन्या इमारतींत कुठे नळजोडणी नसते, कुठे करारातच मशीन लावायला मनाई असते. मग रविवारी सकाळी माणसं उशांच्या अभ्र्यांत कपडे कोंबून निघतात. कुणाच्या बाबागाडीत बोचकं बसलेलं असतं आणि बाळ कडेवर. १९३४ साली, महामंदीच्या दिवसांत, टेक्ससमधल्या फोर्ट वर्थमध्ये एका माणसाने चार विजेची यंत्रं मांडली आणि लोकांना तासाच्या भाड्याने वापरायला दिली. मशीन घेणं झेपत नाही, तासभर भाड्याने झेपतं. हा हिशेब अजून तसाच आहे, फक्त भाडं वाढलंय.

ज्याच्या घरी मशीन असतं त्याचे कपडे तो झोपलेला असतानाही धुतले जातात. इथे मात्र धुणं, वाळवणं, घड्या करून परत वाहून नेणं यात सुट्टीचा मोठा तुकडा जातो. पुन्हा साबणाचा खर्च वेगळाच. सरकारच्या ज्या मदतीला लोक अजून फूड स्टँप म्हणतात, तिच्यावर दूध, पाव, भाजी, मांस मिळतं, साबण मिळत नाही. डिटर्जंटच्या रिकाम्या बाटलीत पाणी घालून ती खळखळवणाऱ्या बाया मी तिथे कितीदा पाहिल्यात. बघताना आपल्याकडची शाम्पूची शेवटची बाटली आठवते. धुतलेले कपडे नाहीत म्हणून मुलं शाळा बुडवतात, हे शिक्षकांना माहीत असतंच. व्हर्लपूल कंपनीने २०१५पासून काही शाळांमध्येच वॉशर आणि ड्रायर बसवून दिले. मळक्या शर्टाने वर्गात बसण्यापेक्षा गैरहजेरी परवडली, हे दहा वर्षांच्या पोराला कुणी शिकवावं लागत नाही.

एवढं सगळं असूनही लाँड्रोमॅट ही रडकी जागा नव्हे. तिथला सर्वांत गहन प्रश्न असा: मशीन थांबलंय, कपडे धुऊन झालेत, मालकाचा पत्ता नाही आणि तुम्ही रांगेत. परक्याचे ओले कपडे बाहेर काढावेत की नाही? परक्याच्या अंतर्वस्त्रांना हात लावण्याइतकी ओळख अमेरिकेत वर्षानुवर्षं शेजारी राहूनही होत नाही. आमच्या लाँड्रोमॅटच्या भिंतीवर हाताने लिहिलेला कागद होता, 'दहा मिनिटं थांबा, मग कपडे टेबलावर ठेवा.' त्याखाली कुणीतरी पेनाने भर घातली होती, 'माझ्या बायकोचे असतील तर वीस मिनिटं थांबा, तुमच्याच भल्यासाठी.'

माणसांची खरी गाठ घालून देते ती फिटेड शीट. चारही कोपऱ्यांना इलॅस्टिक असलेल्या त्या चादरीची घडी एकट्याने करणं जवळपास अशक्य. दंडापासून मनगटापर्यंत गोंदवून घेतलेला एक ट्रकवाला यायचा. इकडे तिकडे बघत तो चादरीशी झटत राहायचा, आणि मग रुग्णालयातली रात्रपाळी आटोपून निळ्या गणवेशातच खुर्चीवर पेंगणारी, प्वेर्तो रिको या अमेरिकेच्याच पण राज्याचा दर्जा नसलेल्या बेटावरची एक मदतनीस डोळेही पुरते न उघडता पुढे होऊन दुसरं टोक धरायची. टोकाला टोक भिडायचं, घडी व्हायची, ती परत खुर्चीत. दोघांना एकमेकांचं नाव ठाऊक नसावं. जाताना तो म्हणायचा, 'सात नंबरच्या ड्रायरमध्ये थोडी मिनिटं उरलीत, घ्या.' उरलेली मिनिटं कुणाला द्यायची, याचीही तिथे एक अलिखित प्रतवारी असते. लहान मुलंवाली पहिली.

आई कराडहून आली तेव्हा हट्टाने माझ्याबरोबर लाँड्रोमॅट बघायला आली. गरगर फिरणारे ड्रायर बघून म्हणाली, 'बाहेर एवढं कडकडीत ऊन पडलंय आणि ही माणसं पैसे टाकून कपडे वाळवतात?' तिला काय सांगणार? स्वतःचं घर, स्वतःचं अंगण असलेल्या वसाहतींतसुद्धा कपडे दोरीवर घालायला अनेकदा बंदी असते. धुणं दिसलं की म्हणे वस्तीची कळा जाते आणि घरांच्या किमती उतरतात. शेवटी कपडे उन्हात वाळवायचा हक्क शाबूत राहावा म्हणून फ्लोरिडासारख्या काही राज्यांना कायदा करावा लागला; व्हरमाँटने तो २००९मध्ये केला. आईला हे पटलं नाही. तोवर ती घड्यांच्या टेबलापाशी एका मेक्सिकन आजीबाईंना रुमाल घडी करू लागली होती. हिला इंग्रजी येत नाही, त्यांनाही येत नव्हतं. एक मराठीत, एक स्पॅनिशमध्ये. दोघींचा विषय गुडघे हा होता, एवढं मला लांबूनही कळलं.

या सोबतीचे गोडवे गाणारे आम्ही लोक मात्र बहुतेक असे, की ज्यांच्या तळघरात आता स्वतःचं मशीन आहे. ती मदतनीस एकदा स्पष्टच म्हणाली होती, 'माझ्या घरी मशीन आलं की तुम्हा सगळ्यांना विसरणार आहे मी, आत्ताच सांगून ठेवते.' तेव्हा सगळे हसले होते, कारण सगळ्यांचा बेत तोच होता.

मग २०२० आलं. करोनात सगळं बंद झालं, तरी कपडे धुणं अत्यावश्यक ठरल्यामुळे लाँड्रोमॅट चालू राहिले. पण क्वार्टरच गायब झाले. लोक रोखीने काही घेईनात, नाणी घरोघरच्या बरण्यांत आणि गल्ल्यांत अडकून पडली. जूनमध्ये फेडरल रिझर्व्ह या मध्यवर्ती बँकेने इतर बँकांनाही नाणी मापात द्यायला सुरुवात केली. आमच्या इथल्या सुट्ट्या पैशांच्या यंत्रावर चिकटपट्टी आली. अशात एका रविवारी एक आजोबा काखेत भला मोठा पुठ्ठा घेऊन आले. १९९९ ते २००८ या काळात इथल्या टांकसाळीने पन्नास राज्यांचे पन्नास क्वार्टर काढले होते, वर्षाला पाच, ज्या क्रमाने राज्यं संघात आली त्या क्रमाने. अमेरिकेच्या नकाशात भोकं पाडलेले पुठ्ठे घेऊन घरोघर ते जमवायची टूम निघाली होती. आजोबांनी नातवासाठी जमवले होते. नातू मोठा झाला, नकाशा कपाटावर राहिला. सगळी अमेरिका मिळून साडेबारा डॉलर.

आजोबा किल्लीच्या टोकाने एकेक राज्य उचकटत होते. वॉशरला सव्वातीन डॉलर लागायचे, म्हणजे तेरा क्वार्टर. डेलावेअरपासून ऱ्होड आयलंडपर्यंत. इंग्रजांशी लढलेल्या तेराच्या तेरा वसाहती चादरींत खर्ची पडल्या. ड्रायरपाशी व्हरमाँट, केंटकी, टेनेसी गेले. मिसिसिपीची पाळी आली तशी मास्क लावलेली एक बाई ओरडली, 'थांबा, ते माझं आहे!' खिशातला साधा क्वार्टर त्यांच्या हातावर ठेवून तिने मिसिसिपी सोडवून घेतलं. मग ट्रकवाला आला, त्याला मॉन्टाना हवं होतं. सहा फुटांचं अंतर राखायचं सगळेच विसरले.

खुर्चीत पेंगणाऱ्या मदतनीस बाईंनी डोळे उघडले. 'प्वेर्तो रिको आहे का?'

आजोबांनी पुठ्ठा मागून-पुढून पाहिला. 'यात पन्नासच भोकं आहेत हो.'

'सवय आहे आम्हाला,' ती म्हणाली, आणि आपल्याजवळचे दोन साधे क्वार्टर तिने त्यांच्या ड्रायरमध्ये टाकले.