ब्लॉकबस्टर म्हणजे चालला ना?

हल्ली ट्रेलर आला रे आला की खाली कुणीतरी लिहूनच ठेवलेलं असतं, 'ब्लॉकबस्टर लोडिंग'. पिक्चर अजून एडिटिंगच्या टेबलावर आहे, गाण्यांचं मिक्सिंग व्हायचंय, हिरोला स्वतःला शेवट माहीत नाही, पण याला माहितीये. मग शुक्रवारी रिलीज होतो आणि शनिवारच्या पेपरात पानभर जाहिरात, 'महाब्लॉकबस्टर'. एका दिवसात! अरे बाबांनो, रविवारचा मॅटिनी तरी होऊ द्या. पूर्वी नुसतं 'हिट' म्हणलं तरी निर्माता पेढे वाटायचा, मग सुपरहिट आलं, मग सुपर डुपर हिट (या डुपरचा अर्थ आजवर मला कुणीही सांगू शकलेलं नाही), आणि आता ब्लॉकबस्टरलाही पुढे 'महा' लावल्याशिवाय भागत नाही. कांद्याच्या भावासारखं झालंय हे, एकदा वर गेलं की खाली यायचं नाव नाही.

तर हा शब्द आला कुठून? लोक एक गोष्ट फार आवडीने सांगतात की तिकिटाची रांग इतकी लांब जायची की पुढचा अख्खा ब्लॉक ओलांडायची, म्हणून ब्लॉकबस्टर. गोष्ट छान आहे पण खोटी आहे. खरा ब्लॉकबस्टर म्हणजे बॉम्ब. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश हवाई दलाने ४००० पौंडांचे, म्हणजे जवळपास १८०० किलोचे बॉम्ब बनवले, पातळ पत्र्याचं पिंप आणि आत ठासून भरलेली स्फोटकं. १९४१ पासून ते जर्मनीतल्या शहरांवर पडायला लागले. वैमानिक त्याला लाडाने 'कुकी' म्हणायचे (बिस्किट! इंग्रजांचा हा विनोद मला कधी झेपत नाही) आणि पेपरवाल्यांनी नाव ठेवलं ब्लॉकबस्टर, कारण एका दणक्यात इमारतींची अख्खी वसाहत सपाट. आता पेपरात रोज हा शब्द येतोय म्हणल्यावर सिनेमावाले गप्प बसणार थोडेच, १९४३ मध्येच हॉलिवूडच्या जाहिरातीत तो येऊन बसला, तोही बॉम्बफेक्या वैमानिकांवरच्याच एका पिक्चरच्या. म्हणजे तिकडे खरे बॉम्ब पडतायत, माणसं मरतायत, आणि इकडे तिकीटबारीवर त्याच शब्दाने गिऱ्हाईक बोलावतायत. मार्केटिंगला लाज नसते हे तेव्हापासूनचं आहे.

आपल्याकडे गंमत अशी की मुंबई, ठाणे, डोंबिवलीकडच्या माणसाला 'ब्लॉक' म्हणलं की शहरातली चार रस्त्यांमधली वसाहत आठवतच नाही. ब्लॉक म्हणजे स्वतंत्र संडास बाथरूमवाली जागा. गिरगावातली चाळ सोडून डोंबिवलीला 'ब्लॉक घेतला' हे वाक्य एका अख्ख्या पिढीने काय अभिमानाने उच्चारलंय. त्या हिशोबाने ब्लॉकबस्टर म्हणजे वरच्या मजल्यावरचा, जो रविवारी दुपारी ड्रिल मशीन चालवतो तो. आणि दुसरा ब्लॉक म्हणजे रेल्वेचा मेगाब्लॉक, तो मात्र कुणाच्या बापाला बस्ट होत नाही.

अमेरिकेत तर या शब्दाचा आणखी एक घाणेरडा अर्थ होता. गोऱ्यांच्या वस्तीत एक घर काळ्या कुटुंबाला विकायचं, मग बाकीच्या गोऱ्यांना घाबरवायचं की आता बघा तुमच्या घराच्या किमती पडणार, ते बिचारे मिळेल त्या भावाला विकून पळाले की तीच घरं काळ्या गिऱ्हाइकांना अव्वाच्या सव्वा भावाने विकायची. या दलालीचं नाव ब्लॉकबस्टिंग. १९६८ च्या कायद्याने ती बंद केली. औषधवाल्यांचं ब्लॉकबस्टर त्या मानाने सरळ आहे, वर्षाला १०० कोटी डॉलरच्या वर विक्री गेली की औषध ब्लॉकबस्टर. यातलं पहिलं औषध कशावर होतं माहितीये? कॅन्सरवर नाही, हार्टवर नाही, पोटातल्या ॲसिडवर! टॅगामेट नावाची गोळी, अल्सरसाठीची. ज्या जेम्स ब्लॅक यांच्या संशोधनातून ती आली त्यांना १९८८ चं नोबेल मिळालं. रात्री अकराला मिसळ खाणाऱ्या आपल्या समाजाने त्यांचा एखादा पुतळा उभारायला हरकत नाही खरं तर.

आणि ज्यांनी दुकानाचंच नाव ब्लॉकबस्टर ठेवलं त्यांचं काय झालं, तर १९८५ ला डॅलसमध्ये व्हिडिओ कॅसेटचं दुकान निघालं, मग जगभर हजारो दुकानं झाली, २००० साली नेटफ्लिक्सवाले त्यांच्याकडे गेले की आम्हाला ५ कोटी डॉलरला विकत घ्या, यांनी घेतलं नाही, आणि २०१० ला यांचंच दिवाळं वाजलं. नावात सगळं असतं असं मी म्हणणार नाही, पण बॉम्बचं नाव ठेवलं होतं एवढं खरं.

बॉम्बचा अजून एक गोंधळ म्हणजे अमेरिकेत पिक्चर 'बॉम्ब' झाला म्हणजे साफ आपटला, इंग्लंडमध्ये तेच म्हणलं की जोरात चालला, आणि ब्लॉकबस्टर झाला म्हणजे दोन्हीकडे पैसा. एकच बॉम्ब, कुणाच्या अंगणात पडला त्यावर सगळं.

माझं म्हणणं वेगळंच आहे. आपल्या भाषेत पिक्चरला फुटायला लागायचं नाही, चालायला लागायचं. किती साधा शब्द आहे बघा. पिक्चर थिएटरला 'लागतो', मग 'चालतो', जोरात असेल तर 'धो धो चालतो', 'तुफान चालतो', नाटक असेल तर 'धावतं'. आणि नाही जमलं तर 'पडतो', 'आपटतो', 'झोपतो', दोन आठवड्यांत 'उतरतो', आणि कुणी विकतच घेतला नाही तर 'डब्यात जातो', जो शब्द रिळाच्या खऱ्या डब्यावरून आलाय. म्हणजे एखादं पोर अंगणात पावलं टाकतंय आणि घरातले सगळे दारात उभे आहेत असा सगळा मामला. दुकान चालतं, खानावळ चालते, डॉक्टरची प्रॅक्टिस चालते, वडापावची गाडी तर जागची न हलता चालते. आमची आत्या कुठल्याही धंद्याबद्दल एकच प्रश्न विचारायची, "चालतंय ना बाबा बरं?" त्यात किती कमावतो हे नव्हतंच, उद्याही चालेल ना एवढंच होतं.

आणि चालणं म्हणलं की मोजायचं किती दिवस चाललं ते. आपलं मोजमाप जुनं म्हणजे आठवडे. २५ आठवडे सिल्व्हर ज्युबिली, ५० गोल्डन. प्रभातचा संत तुकाराम १९३६ च्या डिसेंबरात लागला तो मुंबईच्या सेंट्रल सिनेमात वर्षाच्या वर चालला. १९५९ चा 'सांगत्ये ऐका' पुण्याच्या विजयानंदला १३० च्या वर आठवडे होता, म्हणजे अडीच वर्षं! लग्न झालेलं जोडपं पहिल्या आठवड्यात बघायला गेलं असेल तर उतरायच्या आधी पोराला कडेवर घेऊन परत जाता आलं असतं. दादा कोंडक्यांनी तर लागोपाठ नऊ पिक्चर सिल्व्हर ज्युबिलीला नेले आणि गिनीज बुकात जाऊन बसले. नऊ! आणि समीक्षक तोवर नाकाला रुमाल लावून बसले होते. तिकडे कलकत्त्याला अशोककुमारचा किस्मत रॉक्सी थिएटरात तीन वर्षांच्या वर चालला, आणि तो लागला कधी, तर १९४३ ला. म्हणजे ज्या वर्षी हॉलिवूडने बॉम्बचं नाव उचललं त्याच वर्षी आपल्याकडे एक पिक्चर लांबच्या चालीला लागला होता.

१९७५ तर याहून भारी. त्या वर्षी जूनमध्ये अमेरिकेत जॉज आला, शार्क माशाचा. त्याआधी तिकडे मोठे पिक्चर आधी चार मोठ्या शहरांत लागायचे आणि मग हळूहळू गावोगाव जायचे, यांनी टीव्हीवर जाहिरातींचा भडिमार केला आणि एका दिवशी चारशेच्या वर थिएटरांत एकदम लावला. उन्हाळ्यातला ब्लॉकबस्टर म्हणतात तो धंदा तिथून सुरू झाला. त्याच वर्षी १५ ऑगस्टला आपल्याकडे शोले आला आणि पहिल्या दिवसांत ट्रेडवाले चक्क म्हणत होते की पडला! मग लोक एकमेकांना सांगायला लागले, डायलॉग पाठ व्हायला लागले, आणि मुंबईच्या मिनर्व्हा थिएटरला तो पाच वर्षं राहिला. आजच्या हिशोबाने शोलेला सोमवारी सकाळीच उतरवला असता आणि त्याच्या जागी दुसरा काहीतरी महाब्लॉकबस्टर लावला असता. आणि त्याच वर्षी जय संतोषी माँ, अगदी किरकोळ खर्चाचा, स्टार नाही काही नाही, तर लोक चपला बाहेर काढून आत जायचे आणि पडद्यावर नाणी उधळायचे. या तिघांना एकच शब्द कसा लावणार सांगा. एक फुटला, एक चालला, आणि एकाची तर पूजा झाली.

आता आठवडे कुणी मोजत नाही, आता कोटी. २००८ च्या गजनीने देशात १०० कोटींचा आकडा ओलांडला आणि 'शंभर कोटी क्लब' नावाची एक विचित्र सोसायटी स्थापन झाली, तिची मेंबरशिप आता इतकी वाढलीये की ५०० च्या खाली कुणी कुणाला ओळख दाखवत नाही. पण कोटी मोजले की माणसं मोजायची राहतात ना. मल्टिप्लेक्सचं तिकीट आणि आपल्या लहानपणी पिटातलं, म्हणजे पडद्याजवळच्या सगळ्यात स्वस्त जागेचं तिकीट, दोन्हीचा गल्ला एकाच फूटपट्टीने कसा मोजणार? तेव्हा चार आणे, रुपया देऊन शिट्ट्या मारणारं पब्लिक किती होतं हे कोटीत सांगताच येत नाही, म्हणून मग जुने सगळे पिक्चर या यादीत गरीब दिसतात.

पेपरच्या मथळ्यांनी तर आणखी मजा केलीये. 'बॉक्स ऑफिसवर धुमाकूळ'. त्याच पानावर खाली 'जुन्नरमध्ये बिबट्याचा धुमाकूळ'. मग 'शंभर कोटींकडे घोडदौड', 'छप्परफाड कमाई', 'तिकीटबारीवर धुरळा', 'दणका', 'राडा'. तिकीटबारीवर बसलेल्या माणसाचं काय होत असेल कुणास ठाऊक, वर छप्पर नाही, समोर घोडे, मध्येच बिबट्या.

आणि दुसरीकडे आपला मराठी माणूस पैसा मिळाला की लगेच संशय घेतो. 'गल्लाभरू' हा शब्द बघा. गल्ला भरणं चांगलं की वाईट? दुकानदाराचा गल्ला भरला तर लक्ष्मी आली, पूजा करा, पण पिक्चरचा गल्ला भरला की तो गल्लाभरू, म्हणजे शिवीच. 'धंदेवाईक' तेच. कलेने उपाशी राहावं आणि जाणकारांनी हळहळावं अशी आपली फार जुनी व्यवस्था आहे. 'माहेरची साडी' १९९१ ला आला तेव्हा शहाणे लोक हसायचे त्याला, आणि इकडे बायका पदर ओले करून बाहेर यायच्या आणि बहिणीला घेऊन परत आत जायच्या. त्यांना काही कळत नव्हतं असं म्हणणं सोपंय, मला ते पटत नाही. सैराट २०१६ ला आला तेव्हा मात्र पंचाईत झाली, कारण तो जाणकारांनाही आवडला आणि गावोगाव ट्रॅक्टर भरून लोकही आले, मराठीत १०० कोटी पहिल्यांदा झाले, मग गल्लाभरू कुणाला म्हणायचं? २०२३ ला 'बाईपण भारी देवा'च्या वेळी बायका भिशी ग्रुप, सोसायटी ग्रुप, योगा क्लासचा ग्रुप असे नटूनथटून जात होत्या, गॉगल लावून फोटो काढत होत्या, आणि नवरे घरी कुकरच्या शिट्ट्या मोजत होते.

नाटकवाल्यांनी मात्र बॉम्ब आपल्या घरात घेतला नाही हे मला फार आवडतं. तिथे अजून 'हाऊसफुल्ल'च आहे, आणि तो शेवटचा जोडाक्षरातला 'ल्ल' तर इंग्रजांनाही सुचला नसता, साधा 'फुल' लिहिला तर दोन खुर्च्या रिकाम्या असल्यासारखं वाटतं. शिवाजी मंदिर असो, बालगंधर्व असो की गडकरी रंगायतन, निर्मात्याचा जीव त्या पाटीत अडकलेला असतो. आणि मोजायचं कशात, तर प्रयोगांत. प्रशांत दामल्यांनी ६ नोव्हेंबर २०२२ ला षण्मुखानंदमध्ये १२,५०० वा प्रयोग केला, आणि बातमी झाली ती प्रयोगांच्या आकड्याची. वस्त्रहरणचे पाच हजारांवर प्रयोग झाले, मालवणी न येणाऱ्यांनीही डोळे पुसत पाहिलं. यातला प्रत्येक प्रयोग कुणीतरी त्या संध्याकाळी उभं राहून, घाम गाळून, कधी ताप अंगात घेऊन केलेला असतो, रीळ लावून जेवायला जाता येत नाही.

अर्थात नाटकवाल्यांचीही थापेबाजी काही कमी नाही. 'रसिकांच्या आग्रहास्तव फक्त तीन प्रयोग' असं गेली कित्येक वर्षं छापून येतंय, ते तीन काही संपत नाहीत. आणि प्लॅनवर मागच्या सहा रांगा कोऱ्या दिसत असताना बुकिंगवाला तोंड वर न करता सांगतो, "काका, पुढचं काही नाही राहिलं, कॉर्नरच्या दोन देऊ का?" आणि काका घेतात.