तो हिरोकडे बघतच नाहीये

"बाबा, तो कुत्रा हिरोकडे बघतच नाहीये."

मालकाच्या निरोपाचा सीन, माझा घसा दाटून आलेला, आणि लेकीने मध्येच हे टाकलं. मागे घेऊन पाहिलं. खरंच की! नजर हिरोच्या खांद्यावरून पलीकडे, कान टवकारलेले, जीभ एकदा नाकावरून फिरलेली. कॅमेऱ्यामागे ट्रेनर खाऊ घेऊन उभा असणार. विरहबिरह सगळा आपला, त्याची ड्युटी चालू होती.

त्यात वाईट काही नाही. खाऊ आणि कौतुकावर शिकलेलं जनावर आनंदाने काम करतं.

पण शेवटी पाटी आली, प्राण्यांना इजा झालेली नाही वगैरे. लेक म्हणाली, "शूटिंगमध्ये ना? आणि शिकवताना?"

१९३९च्या 'जेसी जेम्स' या हॉलिवूडपटासाठी कड्यावरून पाण्यात पाडलेला घोडा मेला, गदारोळ झाला. १९४० पासून हॉलिवूडच्या सेटवर 'अमेरिकन ह्युमेन' या प्राणिकल्याण संस्थेचे निरीक्षक यायला लागले. पण त्यांचं लक्ष मुख्यतः सेटवर. आधीची तालीम, पिंजरा, प्रवास, काम सुटल्यावरचं म्हातारपण... तिथे कोण बघतं?

आता कॉम्प्युटरवर अख्खा वाघ उभा राहतो. मग जिवंत जनावर नक्की कुठल्या सीनला लागतं?