पाय मोजायची खोड

चित्रातला खेकडा दिसला की मी आधी त्याचे पाय मोजते. आज दुपारी भाच्याच्या रंगवायच्या वहीत एक सापडला. दोन नांग्या आणि दोन्हीकडे तीन-तीन पाय. चेहरा छान हसरा होता, पण माझा जीव त्या गायब जोडीत अडकला. नांग्या धरून दहा व्हायला हवेत की नाही? चित्रकाराची एकच सबब ऐकून घेईन: हा किंग क्रॅब आहे. त्याची शेवटची जोडी इवलीशी असते आणि कवचाखाली दडलेली, म्हणून वरून आठच दिसतात. पण वहीतलं ध्यान काही त्या घराण्यातलं वाटत नव्हतं.

लहानपणी मी खडकाच्या फटीत शिरणाऱ्या एका खेकड्याचा पाय धरला होता. ओढायचीसुद्धा वेळ आली नाही. पाय माझ्या चिमटीत, खेकडा आत. टोकाला काळसर नखी, सांध्यापाशी बारीक केस. मी किंचाळून तो फेकून दिला. मोडला नव्हता तो, सोडला होता. पायाच्या मुळाशी त्यासाठी जागाच ठरलेली असते; स्नायू आवळला की तिथून तुटतो आणि जखम लगेच बंद होते. पुढं कात टाकली की नवा येतो, आधी जरा लहानखुरा.

शिवाय खेकड्याच्या घराण्यात पायांसारखे अंगाला जोडीनं फुटलेले सगळे अवयव मुळात एकाच घडणीचे. कुणी वास घेतो, कुणी तोंडाशी घास चिरतो, पोटाखालच्यांना मादी अंडी चिकटवून वागवते. बार्नॅकल हा खेकड्याचा कवचवाला नातलग तर डोकं खडकाला चिकटवून बसतो आणि जन्मभर पायांनीच अन्न तोंडाकडे ओढतो. आहे की नाही थाट!

ऑक्टोपसचं आणखीच वेगळं. त्याच्या सुमारे ५० कोटी चेतापेशींपैकी दोनतृतीयांश हातांमध्येच. चव घ्यायची तीही चूषकांनी, हातांवरच्या चिकटणाऱ्या वाट्यांनी, म्हणजे हात लावला की चाखून झालं. आणि स्क्विडला आठ हातांखेरीज दोन लांब शुंडके असतात, ते कुणी हातांइतक्याच लांबीचे काढले की माझं डोकं फिरतं.

आर्गोनॉट नावाच्या ऑक्टोपसच्या नराचा एक हात तर मीलनाच्या वेळी सुटून मादीच्या अंगातच राहतो. असा हात पाहून १८२९ साली फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ कुव्हिए यांनी तो परजीवी कृमी ठरवला आणि त्याचं हेक्टोकोटिलस, म्हणजे शंभर चूषकांचा, असं बारसंही करून टाकलं. कुव्हिए म्हणजे हाडांवरून प्राणी ओळखणारा माणूस! त्यांनी त्याचे चूषक नक्की मोजले असणार. पण मोजून तरी काय कळतं म्हणा.